चौक पॉइंटवरून आमचं घर दिसतं

आमचा ड्रायव्हर किशोर त्या दिवशी गाडी घेऊन पळून गेला नव्हता.

हे एवढं साधं वाक्य लिहायचं मी कितीतरी वर्षं टाळलं. लग्नात, बारशात, विहारातला कार्यक्रम आटोपल्यावर चहा पिताना, जिथं चार नातेवाईक जमतील तिथं कुणीतरी म्हणायचंच, "भाऊ, ती माथेरानची गोष्ट सांगा ना. ड्रायव्हर पळाला ती!" आणि मी सांगायचो. हातवारे करून सांगायचो. दर वेळी किशोर आणखी थोडा लांब पळायचा. सुरुवातीला तो नेरळपर्यंतच गेला होता. शेवटी शेवटी मी त्याला पार पनवेलच्या पलीकडे पोचवला. लोक पोट धरून हसायचे, आणि सगळ्यात मोठ्यानं हसायची ती अक्का. आता अक्का नाही. मीही सत्तरी ओलांडली. तेव्हा म्हटलं, किशोरला निदान कागदावर तरी परत आणावं. अक्का असतानाच सगळं सांगून टाकायची एक नामी संधी मला मिळाली होती. ती मी कशी घालवली, तेही सांगतोच.

अक्का म्हणजे माझी सख्खी मोठी बहीण. आमचं घर चौक गावात, जुन्या हायवेला लागून. तिचं सासर तिथून आत, डोंगराच्या पायथ्याला. तिथल्या बायका पूर्वी पायवाटेनं माथेरान चढायच्या. डोक्यावर घोड्यांसाठी गवताचा भारा, नाहीतर करवंदं-जांभळांची पाटी. वर जायचं, माल विकायचा, तेल-मीठ घ्यायचं आणि त्याच वाटेनं उतरायचं. अक्कानं अर्धं आयुष्य तो डोंगर चढण्या-उतरण्यात घालवलं. आणि माथेरानात तिनं पाहिलं काय? बाजार आणि घोड्यांचे तबेले!

"अगं, एवढ्या वेळा गेलीस, एखादा पॉइंट तरी बघायचास!" मी एकदा म्हणालो.

"डोक्यावर भारा असला का माणूस पायाखाली बघतो रं," अक्का म्हणाली. "पॉइंट कोन बघतंय?"

मी रिटायर झालो त्या वर्षी थंडीत ती आमच्या ओटीवर बसली होती. एकदम म्हणाली, "बाळू, मला माथेरानला ने."

"तुला? मी?"

"पावनी म्हणून जायाचंय मला. गाडीनं चढायचं, घोड्यावर बसायचं, तळ्याच्या काठाला भजी खायाची आन गाडीनंच उतरायचं. एक सांगून ठेवते, उतरताना मला चालवू नको. त्या उतारानं गुडघे खाल्लेत माझे. एकदा तरी त्या डोंगरावरनं पाय लांब करून उतरायचंय मला."

"शब्द दिला!" मी म्हणालो. "तुझा पाय त्या वाटेला लागला तर नाव बदलीन."

(नाव अजून तेच आहे. पुढं वाचा.)

मी टूर आखली. साधीसुधी नाही, खासगी! गाडी आपली, वेळ आपली, गाइड आपला. गाइड अर्थात मीच. टूरला मी नावही दिलं : 'एक डोंगर, दोन तळी'. वर माथेरानचा शार्लोट तलाव पाहायचा आणि परतताना घराजवळ मोरबे धरणाच्या तळ्यावर सूर्य बुडताना पाहायचा. प्रवासी तीन : अक्का, मी आणि माझी बायको शालन. गाडी दहिवलीच्या किशोरची. आमच्या घरातली सगळी लग्नं, सगळी बाळंतपणं ह्याच किशोरच्या गाडीनं पार पाडली. एवढा भिडस्त माणूस, की रस्त्यात म्हैस आडवी आली तर हॉर्न न वाजवता तिचं चर्वण संपायची वाट पाहायचा.

आता इथं माझ्या एका रोगाबद्दल सांगायला हवं. मी रसायनीच्या एका कारखान्यात डिस्पॅच खात्यात नोकरी केली. माल भरायचा, ट्रक गेटबाहेर काढायचा. ट्रक आवारात रिकामा उभा राहिला की मॅनेजर माझ्या नावानं ओरडायचा. त्यामुळं उभी गाडी पाहिली की आजही माझ्या पोटात गोळा येतो. दारात पाहुण्यांची रिक्षा थांबली तर पाहुणे चहा पीत असताना मी त्या रिक्षावाल्याला पिठाच्या गिरणीत पिटाळतो. शालन म्हणते, "तुमच्या अंत्ययात्रेची गाडी उभी राहिली तर तुम्ही उठून तिलाही कामाला लावाल."

तर ठरल्या दिवशी सकाळी किशोर दारात हजर.

"जयभीम मावशी! या, पुढं बसा."

"नको रं बाबा," अक्का म्हणाली. ती ठेवणीतली जांभळी साडी नेसून, केसात अबोली माळून आली होती. "पुढं बाळूला बसू दे. त्याला समदं दाखवायचं असतं."

मी पुढं बसलो आणि सगळं दाखवलं. कर्जत दाखवलं, दहिवलीचा पूल दाखवला. किशोरला त्याचं स्वतःचं घरही दाखवलं. नेरळहून घाट चढताना इतकं बोललो, की शालन म्हणाली, "अहो, जरा थांबा, डोंगरालाही काही बोलायचं असेल."

दस्तुरी नाक्याला गाड्यांचा रस्ता संपतो. पुढं चालत, नाहीतर घोड्यावर. (तेव्हा तिथं ई-रिक्षा नव्हत्या.) किशोरनं गाडी झाडाखाली लावली, पार्किंगच्या पोऱ्याशी गप्पा मारल्या, सीट मागं पाडली आणि तोंडावर टॉवेल टाकून झोपला. दिवसभरासाठी! एक चालू स्थितीतली गाडी, एक तंदुरुस्त ड्रायव्हर आणि दोघं झाडाखाली उभे. माझ्या पोटात गोळा आला.

अक्काला घोडा मिळाला, पांढरा, उंच. ती आधी त्याच्या तोंडापाशी गेली आणि त्याच्या मानेवर हात ठेवून म्हणाली, "तुझ्या आज्याला मी गवत घातलंय रं. नीट ने मला."

घोडेवाला हसला. घोडा मात्र खरंच नीट चालला. अक्का वर ताठ बसलेली, हात कमरेवर, आणि बाजारातून जाताना ओळखीचा म्हातारा दुकानदार दिसला की वरूनच हाक : "काय रं, वळखलंस का? आज इकायला नाय आले, घ्यायला आले!"

तलावाच्या काठी आम्ही भजी खाल्ली. अक्का दगडी कठड्यावर पाय सोडून बसली आणि पाण्याकडं बघत राहिली. मग हळूच म्हणाली, "एवढं पानी हितं व्हतं व्हय! मी बाजारातनं परत फिरायची, आन हे पलीकडंच व्हतं."

टूर इथंच थांबली असती तर मी आज एक समाधानी म्हातारा असतो. पण गाइड मी होतो. मी म्हणालो, "आता चौक पॉइंट."

गोऱ्या साहेबांनी माथेरानच्या पॉइंटांना काय काय परदेशी नावं ठेवली, पण एका पॉइंटाला आमच्या चौकाचं नाव द्यावं लागलंच! त्या कड्यावर उभं राहिलो आणि माझी छाती फुगली. खाली सगळा आमचा मुलूख. मोरब्याचं तळं चकाकतंय, हायवेवर ट्रक मुंगीसारखे सरकतायत आणि झाडांच्या मागं चौकाची घरं. त्यात एक निळा पत्रा. माझा पत्रा! गेल्याच पावसाळ्याआधी घातलेला!

"शालन, ते बघ आपलं घर!"

"दिसलं. वाळत घातलेले कपडे काढायचे राहिलेत," शालन म्हणाली, आणि अक्काला घेऊन टपरीवर चहा प्यायला गेली.

मी एकटा उभा राहिलो आणि माझ्यातला डिस्पॅचवाला जागा झाला. घर पायाखाली आहे. तळं पायाखाली आहे. आणि आम्ही काय करणार? पुन्हा मागं दस्तुरीला जाणार, तिथून नेरळ, नेरळहून कर्जत, कर्जतहून चौक, म्हणजे अख्ख्या डोंगराला प्रदक्षिणा! तीही इथूनच खाली सरळ वाट असताना! डोंगरावरून पाहिलं की सगळं जवळ दिसतं, हे ज्ञान मला तेव्हा नव्हतं. मी जन्मभर पायथ्याशी राहिलेला माणूस. डोंगर मला खालूनच ठाऊक. मी फोन काढला.

"किशोर, उठ. गाडी काढ आणि खाली ये, चौकाच्या बाजूला. वाट जिथं वाडीपाशी उतरते तिथं थांब. आम्ही मधल्या वाटेनं येतो."

"साहेब, मावशी चालत उतरनार?"

"उतरेल रे. वाट पाठ आहे तिला."

"इचारलंत का त्यांना?"

"किशोर, डिस्पॅच मी केलंय का तू?"

किशोर निघाला. गाडी एकदाची हलली! माझ्या पोटातला गोळा विरघळला. अक्काला दिलेला शब्द आठवत नव्हता, असं मी म्हणणार नाही. आठवत होता. पण वाटलं, समजावू. अर्ध्या तासाचा तर प्रश्न.

मी टपरीपाशी गेलो. अक्का बशीतला शेवटचा घोट घेऊन म्हणाली, "चल बाळू, आता गाडीकडं. लई ब्येस दिवस गेला बघ. सकाळधरनं एकच इचार चाललाय मनात. आता गाडीत पाय लांब करून बसायचं, आन खिडकीतनं त्या वाटेला टाटा करायचा!"

टाटा! मी लांब जाऊन किशोरला फोन लावला. 'आपण संपर्क करू इच्छित असलेली व्यक्ती...' घाटात रेंज नाही. पुन्हा लावला. तीच बाई, तेच वाक्य.

"काय झालं रं? तोंड का असं?" अक्का मागं येऊन उभी होती.

"अक्का, घोटाळा झालाय. किशोर गाडी घेऊन गेला."

(हे खरं होतं, हे लक्षात घ्या.)

"कुटं गेला?"

"पळाला."

(हे नव्हतं.)

"किशोर?" शालननं कप खाली ठेवला. "किशोर पळाला? अहो, तो म्हशीला वाट देणारा माणूस!"

"म्हशीचं सोड! दुसरं भाडं मिळालं असेल. माणसं बदलतात!" मी आवाज चढवला. खोट्याला आवाज चांगला फुटतो.

"मग दस्तुरीला जाऊ. तिथं टॅक्स्या असतात."

"रविवार आहे! रांग पाहिलीस का? नंबर लागेपर्यंत रात्र होईल. त्यापेक्षा ही वाट..."

खरं कारण रांग नव्हतं. दस्तुरीला तो पार्किंगचा पोऱ्या होता. तो नक्की म्हणाला असता, "तुमच्या ड्रायव्हरला साहेबांचा फोन आला म्हणून तो गेला." माझं खोटं वाचावं म्हणून मी माझ्या म्हाताऱ्या बहिणीला डोंगर उतरायला लावला. एवढंच ते कारण. विनोदी गोष्टीत ते नीट बसत नाही, म्हणून मी ते इतकी वर्षं गाळत आलो.

अक्का कड्याशी जाऊन खाली बघून आली. केसातली अबोली सारखी केली. मग पदर कमरेला खोचला.

"चल," म्हणाली. "आपल्या बापानं बांदलेली वाट हाय काय ही, नुस्ती बघत उबं ऱ्हायाला?"

अर्धा तास होऊन गेला तेव्हा आम्ही डोंगराच्या अगदी वरच्या भागातच होतो. निळा पत्रा होता तेवढाच लांब होता. वाट कसली, दगडांची शिडी ती! वर वाळलेला पाला, त्याखाली गोटे. शालनच्या नव्या सँडलचा पट्टा तुटला. मग माकडांनी आमची पिशवी पळवली. पिशवीत पाण्याची बाटली, अक्काची गुडघ्याला लावायची ट्यूब आणि माझा चष्मा. एका माकडानं ती ट्यूब चाखून पाहिली आणि तोंड वाकडं करून आमच्याच अंगावर फेकली. अक्का पुढं, आडवी पावलं टाकत, दर वळणाला गुडघा धरून थांबत. आणि थांबली की किशोरचा उद्धार.

"पैल्या वळनाचा पाला तुज्या डोळ्यात जावो, मेल्या किशोर!"

मी मागून मान हलवायचो.

"तुज्या गाडीची चारी चाकं चार गावांना जावोत!"

"बरोबर आहे, अक्का."

आणि असा दीड तास गेल्यावर, नेमक्या त्या क्षणी माझा फोन वाजला. पडद्यावर नाव : किशोर.

"कोण आहे?" शालननं विचारलं.

"कुणी नाही. लोनवाले." मी फोन कानाला लावला. "हॅलो! नको मला लोन!"

"लोन नाय साहेब, मी किशोर. वाडीपाशी येऊन थांबलोय. कुटवर आलात?"

"सांगितलं ना नको!"

"साहेब, मावशीला तरास झाला का? वर येऊ का मी घ्यायला?"

"अजिबात नको! मी रिटायर्ड माणूस आहे!" मी फोन कापला.

तो पुन्हा वाजला. मी कापला. पुन्हा वाजला! इतका काळजीवाहू ड्रायव्हर कुणाला मिळू नये. शालन माझ्याकडं रोखून बघायला लागली. "फारच मायेचे लोनवाले दिसतायत." मी घाईघाईनं फोन बंद करायला गेलो, नजर फोनवर, पाय पाल्यावर. पाला सरकला. पाल्याखालचा गोटा सरकला. आणि मी बसल्या बसल्या पुढचं वळण गाठलं! उठायला गेलो तर उजवा घोटा भोपळ्याएवढा सुजलेला आणि पाय टेकवेना.

शालननं धरायचा प्रयत्न केला, पण ती अनवाणी, सँडल हातात. तेवढ्यात अक्का दोन वळणं चढून परत वर आली. गुडघे दुखणारी बाई परत वर आली. माझा हात तिनं आपल्या मानेमागून घेतला, दुसऱ्या हातानं माझी कंबर धरली आणि खांदा माझ्या बगलेत घातला, अगदी भारा उचलताना लावतात तसा.

"अक्का, तुझे गुडघे..."

"गप ऱ्हा. तोल माज्याकडं टाक. आता डावा पाय. आता थांब. आता डावा."

मी तोल टाकला. ती पाऊल टाकायची, धापा टाकायची, आणि तेवढ्यातही हसायची.

"भारा असता तर कवाच खाली लोटला असता," म्हणाली. "भाऊ हाय. लोटता येतोय व्हय!"

अक्कानं त्या वाटेवरून जन्मभर ओझी नेली. गवत घोड्यांनी खाल्लं, करवंदं पाहुण्यांनी खाल्ली. प्रत्येक ओझं कुणाच्या ना कुणाच्या उपयोगाला आलं. त्या वाटेवरचं सगळ्यात निकामी ओझं तिनं त्या दिवशी उतरवलं, आणि ते ओझं तिच्या कानाशी सारखं म्हणत होतं, "किशोरला मी सोडणार नाही!"

दिवस मावळता मावळता आम्ही वाडीपाशी उतरलो. समोर किशोर, गाडी आणि किशोरच्या हातात पाण्याच्या तीन बाटल्या. तो धावत आला.

"साहेब! काय झालं? मी फोन करत व्हतो, तुमीच तर म्हनालात..."

"तोंड उघडू नकोस!" मी एवढ्या जोरात ओरडलो, की वाडीतली कुत्री गप्प झाली. "आम्हाला डोंगरावर टाकून पळतोस? आणि आता पाणी घेऊन येतोस? लाज नाही वाटत?"

किशोरचं तोंड उघडंच राहिलं. अक्कानं मला दगडावर टेकवलं, कमरेचा पदर सोडला आणि किशोरची जी हजेरी घेतली, ती इथं लिहिता येणार नाही. तो माझ्याकडं बघत होता. आणि मी, अक्काच्या पाठीमागून, त्याला हात जोडत होतो. दोन्ही हात, अगदी छातीशी.

किशोरनं एकदा माझ्या हातांकडं पाहिलं. मग मान खाली घातली. "चुकलं मावशी," म्हणाला.

मोरब्याचं तळं आम्ही गाडीच्या काचेतून पाहिलं. अंधारात ते शेतासारखं दिसत होतं.

अक्का पुढं महिनाभर अंथरुणावर होती. मी रोज लंगडत तिच्याकडं जायचो, सांगायचं ठरवून जायचो. पण तिच्या उशाशी कुणीतरी भेटायला आलेलं असायचं आणि ती सांगत असायची, "बाळू व्हता म्हनून बाय! घोटा मोडला तरी माजा हात सोडला नाय त्यानं." (कुणी कुणाला धरून उतरवलं, हे तिला ठाऊक होतं. पण बहिणी असंच सांगतात.) मग मला चहा यायचा. चहा पिऊन मी परत यायचो.

किशोरची गाडी आमच्या घराण्यातून बाद झाली. अक्काच्या नातीच्या लग्नाला दुसऱ्याच्या गाड्या आल्या. एकदा तो मला चौकात, गॅरेजपाशी भेटला. मी त्याला बाजूला घेऊन म्हणालो, "किशोर, माझं चुकलं." हे मला सहज जमलं. ज्याच्यापुढं आपली इज्जत आधीच गेलेली असते त्याची माफी मागायला काही लागत नाही.

तो म्हणाला, "माझं सोडा साहेब. भाडी काय, मिळतात. पन मावशी रस्त्यात दिसली का तोंड फिरवते. मला ल्हानपनापासून जेवायला घातलंय तिनं. तेवढं खरं काय ते सांगा तिला."

"सांगतो."

सांगेन सांगेन म्हणता बरीच वर्षं गेली. मग एका थंडीत मीच अक्काला म्हटलं, "चल, माथेरानला जाऊ. राहिलेलं पुरं करू. गाडीनं उतरवतो तुला. आणि गाडी किशोरचीच."

"त्या पळपुट्याची?"

"माझी जबाबदारी."

मनाशी बेत पक्का होता. ती पुढच्या सीटवर पाय लांब करून बसेल, घाट उतरायला लागेल, तिची इच्छा पुरी होईल, आणि त्याच घटकेला मी मागून म्हणायचं, "अक्का, गाडी मीच पाठवली होती. चुकलो." किशोरसमोर. एकदाच सगळं साफ. किशोरला बेत सांगितला तर त्यानं गाडी धुऊन, आतल्या आरशाला हार घालून आणली.

दस्तुरीला उतरल्यावर अक्कानं किशोरपुढं हात पसरला. "चावी."

"मावशी?"

"चावी दे. तू पळशील, गाडी कशी पळंल?" आणि गाडीची चावी कनवटीला लावून ती ई-रिक्षात बसली. दिवसभर तिनं ती चाचपून पाहिली. तलाव पाहिला, बाजार पाहिला. मी मात्र काही पाहिलं नाही. मी वाक्य घोकत होतो. आणि पोटात खड्डा पडला म्हणून खात होतो : आधी भजी, मग वडापाव, मग अक्कानं उरवलेली भजी, मग चिक्की, वरून लिंबू सरबत.

परतताना अक्का पुढं बसली. किशोरनं सीट मागं सरकवून दिली. तिनं चपला काढल्या, पाय लांब केले आणि "हाऽऽ" म्हणाली. त्या एका "हाऽऽ"साठी ती इतकी वर्षं थांबली होती. शालन आणि मी मागं. गाडी घाटात शिरली.

पहिलं वळण. किशोरनं आरशातून माझ्याकडं पाहिलं.

"अक्का..." मी म्हणालो.

"काय रं?"

"बरं वाटतंय ना?"

"लई ब्येस!"

दुसरं वळण. किशोर खाकरला. शालननं कोपर मारलं. तिला सगळं कधीच कळून चुकलं होतं. मी पुढं वाकलो. वळणावर वळण, उतार असा की पोट एकीकडं आणि मी दुसरीकडं. अक्का खिडकीतून बाहेर बघत होती, चेहरा लहान मुलीसारखा.

"अक्का, मला तुला एक सांगायचंय. त्या दिवशी..."

किशोरनं गाडी हळू केली. अक्का वळून माझ्याकडं बघायला लागली. "बोल की, बाळू."

माफी अगदी ओठापर्यंत आली होती. पण तिच्या आधी भजी आली. भजीमागून वडापाव, आणि सगळ्यात शेवटी लिंबू सरबत. आणि ते सगळं किशोरच्या मानेवर, धुतलेल्या सीटवर आणि हारावर!

गाडी थांबली. अक्का खाली उतरून माझ्या दाराशी आली, माझं कपाळ धरलं, पाठीवरून हात फिरवला, आपल्या पदरानं माझं तोंड पुसलं. "असू दे रं. असू दे, व्हतं असं," म्हणत राहिली. ती सीटबद्दल बोलत होती.

मग पदर माझ्या तोंडावर तसाच ठेवून ती ताठ झाली आणि मान पुसत उभ्या असलेल्या किशोरकडं वळली.

"काय रं मेल्या! मागल्या येळी आमाला टाकून पळालास, आन या येळी माज्या भावाला असा गरागरा फिरवलास! गाडी हाकतोस का जातं?"

किशोरनं माझ्याकडं पाहिलं. शालननंही पाहिलं. मग अक्काही माझ्याकडं बघून म्हणाली, "खरं हाय का नाय रं, बाळू? ह्याचाच दोष ना?"

आता बोलायला काहीच हरकत नव्हती. पोट रिकामं होतं, रस्ता रिकामा होता, तिघंही माझ्या तोंडाकडं बघत होते. पण तोंडावर अक्काचा पदर होता. मान तेवढी मोकळी होती.

ती मी हलवली. होकारार्थी.